हशाची मजुरी



व्याख्यानमालेच्या चालकांचे बोलावणे आले तेव्हा आम्ही त्यांना प्रथम एवढेच विचारले, की माणूस निवडण्यात तुमची काही गफलत तर होत नाही ना? वसंत व्याख्यानमाला ही विद्वानांची जागा. न्यायमूर्ती रानड्यांनी १८७५ साली पुण्यात ही प्रथा पाडली, तेव्हापासून या व्यासपीठांवर बहुधा शिकलीसवरलेली मंडळीच उभी राहत आली. आमचे शाळेतले शिक्षण दहावीपाशी थांबले. पुढचे जे काही झाले ते वाचनालयात, दौंड-पुणे गाडीच्या डब्यात आणि कामगार न्यायालयाबाहेरच्या बाकावर. चालक म्हणाले, "तुम्ही आपले कामगारांवर बोला." आम्ही म्हणालो, "बोलतो. पण असा कामगार निवडतो, की ज्याला कामगार म्हणून कोणी ओळखत नाही."

तो कामगार म्हणजे विनोद लिहिणारा माणूस. आज रात्री घरी गेल्यावर आपल्यापैकी पुष्कळ मंडळी दूरचित्रवाणीवर एखादा हास्याचा कार्यक्रम पाहतील. त्यातला नट कोण, हे घरातले शेंबडे पोरही सांगेल. पण ज्या वाक्याला आपण हसलो ते वाक्य कोणी लिहिले, असे विचारले तर घर गप्प होईल. या गप्प होण्याला दीडशे वर्षांचा इतिहास आहे. तोच आज थोडक्यात सांगावयाचा आहे.

कारखान्याच्या दारावर सभा घेणाऱ्या माणसाने विनोदाच्या वाटेला का जावे, असे कोणी विचारील. त्याचे कारण सांगतो. बऱ्याच वर्षांपूर्वी रांजणगावच्या औद्योगिक वसाहतीत पगारवाढीची मागणी चालू होती. भाषणे करून आमचे घसे बसले, पण पाळी सुटली की माणसे सायकली काढून घरची वाट धरीत. तेव्हा आम्ही एक लहानसे पथनाट्य लिहिले. त्यात कामगार साहेबाकडे जाऊन पगारवाढ मागतो. साहेब विचारतो, "कशाला रे?" तो म्हणतो, "पोटासाठी, साहेब." साहेब त्याला न्याहाळून म्हणतो, "तुझे पोट काही वाढलेले दिसत नाही." तो उत्तर देतो, "पोट नाही वाढले साहेब, पोटे वाढली." एवढ्या वाक्यावर दोनशे माणसे थांबली, हसली, आणि मग पुढचे आकडेही तिने ऐकून घेतले.

ते वाक्य जमवायला आम्हांला तीन रात्री लागल्या होत्या. पहिल्या रात्री कामगार महागाईचे भाषण करीत होता. दुसऱ्या रात्री ते निम्मे कापले. तिसऱ्या रात्री दिव्याखाली बसलो असताना एकवचनाचे अनेकवचन करण्याची युक्ती सुचली. पुढे एका मोठ्या सभेत आमच्या एका पुढाऱ्यांनी हेच वाक्य आपले म्हणून सांगितले. टाळ्या पडल्या. आम्ही मागे सतरंज्या गुंडाळीत होतो. आम्हांला त्याचा राग आला नाही, कारण चळवळीतले वाक्य चळवळीचे असते. पण त्या दिवशी एक गोष्ट मनात रुतली, की हशा कोणाच्या तरी घामातून येतो आणि तो ज्याच्या तोंडून बाहेर पडतो त्याच्याच नावावर जमा होतो.

आता इतिहासाकडे वळू. आपल्या मुलखात विनोदाचा सर्वांत जुना कारखाना म्हणजे तमाशाचा फड. गण, गवळण, बतावणी आणि वग ही त्याची घडण आपणा सर्वांना ठाऊक आहे. गवळणीत मावशी आणि कृष्णाचे सवंगडी, बतावणीत सोंगाड्याची सवाल-जबाबी, आणि वगात राजापासून हुजऱ्यापर्यंत सर्वांची फिरकी घेणारे तेच सोंगाड्याचे पात्र. उमा बाबू मांग सावळजकर यांच्या 'मोहना बटाव' या १८६५ सालच्या वगाला पहिला वग मानतात. त्या काळी वग छापला जात नसे. तो तोंडी शिकवला जाई किंवा एखाद्या चोपडीत उतरवला जाई. चोपडी फडाच्या पेटीत राही आणि पेटी फडमालकाच्या हाती असे. वग गाजला की फडाचे नाव होई, सोंगाड्याचे नाव होई; चोपडी लिहिणाऱ्याचे नाव फार तर शेवटच्या कडव्यात यायचे.

त्या शेवटच्या कडव्यातल्या नावालाही काय भाव होता, हे पठ्ठे बापूरावांकडे पाहून कळते. रेठरे हरणाक्षचे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी हे १८६६ साली जन्मले. घरचे कुलकर्णीपण सोडून ते फडात आले, पवळाबाईंच्या जोडीने त्यांनी तमाशाला वैभवाचे दिवस दाखवले, आणि त्यांच्या लावण्या गावोगावी पोचल्या. तेच बापूराव १९४५ साली पुण्यात विपन्नावस्थेत वारले. त्यांच्या रचना पुढेही वर्षानुवर्षे गायल्या गेल्या, तिकिटे खपली, तबकड्या निघाल्या. लिहिणारा उपाशी आणि लिहिलेले पोटभर, अशी ही विचित्र व्यवस्था होती.

शिरूरकरांना हे सांगण्यासाठी रेठऱ्यापर्यंत जाण्याचीही गरज नाही. आपल्याच तालुक्यात कवठे येमाई आहे. तेथले लोकशाहीर बशीर मोमीन कवठेकर यांनी तमाशाच्या फडांसाठी वगनाट्ये, लावण्या आणि लोकगीते आयुष्यभर लिहिली. महाराष्ट्र शासनाने २०१८ सालच्या विठाबाई नारायणगावकर जीवनगौरव पुरस्काराने त्यांचा सन्मान केला. २०२१ साली ते गेले. गुढीपाडव्याच्या सुमारास नारायणगावला फडांच्या राहुट्या पडतात, गावोगावचे जत्रा कमिटीवाले सुपारी द्यायला येतात. कोणत्या फडात नाचणारी कोण, सोंगाड्या कोण, गाड्या किती, याची चौकशी होते. वग कोणाचा, ही चौकशी आम्ही तेथे क्वचितच ऐकली. आमच्या या भागातल्या किती जत्रांत मोमीनांची गाणी वाजली असतील, आणि ऐकणाऱ्यांपैकी कितींना ती आपल्या शेजारच्या गावात लिहिली गेली हे माहीत असेल, याचा प्रत्येकाने स्वतःशी विचार करावा.

या व्यवस्थेला पहिला धक्का दिला तो कामगार चळवळीने, हे सांगताना आम्हांला अभिमान वाटतो. अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकर यांनी १९४४ साली लाल बावटा कलापथक उभे केले. अण्णाभाऊ वाटेगावचे, मुंबईच्या गिरणीत राबलेले. शाळेशी त्यांचा संबंध नाममात्र. त्यांनी तमाशाचा सांगाडा ठेवला आणि आतला मजकूर बदलला. गणात देवाऐवजी मातृभूमीला आणि कष्टकऱ्यांना वंदन आले. सोंगाड्याने सावकाराला आणि भांडवलदाराला गाठले. 'अकलेची गोष्ट', 'माझी मुंबई' ही लोकनाट्ये कामगारांच्या मैदानांत हजारोंनी पाहिली. येथे लेखक पडद्याआड राहिला नाही. लोकनाट्य म्हटले की अण्णाभाऊंचे, असे लोक म्हणू लागले. तरीही अण्णाभाऊंचे शेवटचे दिवस हलाखीत गेले. १९६९ साली ते वारले तेव्हा नाव मोठे होते, घर लहान होते. नाव मिळाले, पण मजुरी मिळाली नाही. दोन्ही एकदम मिळवणे हा पुढचा टप्पा होता.

तो टप्पा गाठणाऱ्या मराठी लेखकांत आम्ही पु. ल. देशपांडे यांना प्रथम धरतो. आपण म्हणाल, पुलं कोठे आणि कामगार संघटना कोठे! पण त्यांची वाटचाल धंद्याच्या दृष्टीने तपासून पाहा. १९१९ साली मुंबईत जन्म. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकासाठी त्यांनी १९५१ च्या सुमारास 'पुढारी पाहिजे' हा वग लिहिला. म्हणजे त्यांच्या विनोदाची एक मुळी फडाच्याच मातीत आहे. पुढे चित्रपट. 'गुळाचा गणपती' (१९५३) या बोलपटात कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिका हे सारे त्यांचेच होते. मग कॉलेजातील अध्यापन, नाटके, आणि १९५५ पासून आकाशवाणीच्या पुणे केंद्रावर नोकरी. ते केंद्र १९५३ च्या २ ऑक्टोबरला सुरू झालेले. आकाशवाणीने विनोदी लेखकाला एक नवी गोष्ट दिली, ती म्हणजे महिन्याचा पगार. सरकारी नोकरीत बसून हशा लिहिणे ही महाराष्ट्राला नवी गोष्ट होती.

त्याच सुमारास देशात दूरचित्रवाणीची हालचाल सुरू झाली. पुलंना युनेस्कोच्या शिष्यवृत्तीवर लंडनला बीबीसीमध्ये या माध्यमाचे शिक्षण घेण्यास पाठवले गेले. त्या प्रवासाचे वर्णन 'अपूर्वाई' या पुस्तकात आहे, ते आपण वाचले असेल. १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीला प्रायोगिक प्रक्षेपण सुरू झाले. लहानसे प्रक्षेपक यंत्र, तात्पुरता स्टुडिओ आणि मोजके संच, असा तो संसार होता. दररोजचे प्रक्षेपण १९६५ साली आले. या बाल्यावस्थेतल्या दूरचित्रवाणीच्या पहिल्या निर्मात्यांत पुलं होते. पंडित नेहरूंची या माध्यमावरची पहिली मुलाखत त्यांनी घेतली, असे सांगितले जाते. याचा अर्थ, या देशात दूरचित्रवाणीचे रीतसर शिक्षण घेतलेल्या पहिल्या लोकांत एक मराठी विनोदी लेखक होता.

आणि तो तेथे फार काळ राहिला नाही. त्याचे कारण समजण्यासाठी नकाशा पुरे. संच दिल्लीत, प्रेक्षक दिल्लीचा, आणि पुलंचा विनोद गिरगावातल्या चाळीचा. मुंबईला दूरचित्रवाणी यायला अजून बारा-तेरा वर्षे अवकाश होता. विनोद हा भाषेच्या विहिरीतले पाणी असतो. विहीर उचलून दुसऱ्या गावी नेता येत नाही. पुलं परत आले, आणि १९६१ साली त्यांनी 'बटाट्याची चाळ' एकट्याने रंगभूमीवर उभी केली. १९६२ साली 'वाऱ्यावरची वरात' आली. लिहिणारे तेच, सादर करणारे तेच, आणि सुनीताबाईंच्या साथीने हिशेब ठेवणारेही तेच. फडाच्या भाषेत सांगावयाचे तर चोपडी, सोंगाड्या आणि पेटी ही तिन्ही प्रथमच एका घरात आली. लेखकाच्या मजुरीचा प्रश्न त्यांनी मालक आणि मजूर एकाच माणसात एकत्र करून सोडवला.

परंतु हा मार्ग प्रत्येकाला खुला नसतो. एका माणसात लेखक, नट, गायक आणि व्यवस्थापक जन्माला येणे हा अपवाद होय, आणि अपवादावर संघटना उभी राहत नाही. याच काळातले वसंत सबनीस पाहा. त्यांच्या 'विच्छा माझी पुरी करा' या १९६५ सालच्या लोकनाट्याचे शेकडो प्रयोग झाले. दादा कोंडके रंगमंचावर दर प्रयोगाला नवे काही घालीत, ताज्या बातम्यांवर कोटी करीत, आणि लोक तेच तेच नाट्य पुन्हा पाहायला येत. येथे प्रश्न उभा राहतो: हशा कोणाचा? ज्याने चौकट लिहिली त्याचा, की ज्याने ऐन वेळी वाक्य टाकले त्याचा? आमचे उत्तर असे, की दोघांचाही. सुताराने चौकट केली नसती तर गवंड्याने भिंत कशाला टेकवली असती? दादांच्या 'सोंगाड्या' (१९७१) या चित्रपटाचे लेखनही सबनीसांचेच. चित्रपटाच्या जाहिरातीत कोणाचे चित्र मोठे होते, ते सांगण्याची गरज नाही.

आता आपल्या घराकडे येऊ. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाले आणि १९७३ साली सिंहगडावरील यंत्रामुळे पुण्याच्या बाजूला चित्र दिसू लागले. दौंडसारख्या ठिकाणी उंच बांबूवर अँटेना बांधून, "आलं का? गेलं! पुन्हा फिरव!" अशा आरोळ्या देत ते पकडावे लागे. आमच्या रेल्वे वसाहतीत एका घरी संच होता. त्या घरी 'चिमणराव' लागला की पटांगणातले सारे पोरटे खिडकीत. आम्ही तेव्हा आठ-नऊ वर्षांचे असू. १९७७ ते १९७९ चा तो काळ. दिलीप प्रभावळकर चिमणराव आणि बाळ कर्वे गुंड्याभाऊ. वाफेच्या इंजिनांवर कोळसा ओढून आलेली माणसे हातपाय न धुता दारात टेकून पाहत आणि हसत. चिमणराव हा पुण्याचा भिडस्त पांढरपेशा. आमच्या वसाहतीत तसला माणूस औषधालाही नव्हता. तरी हसू येई, कारण सासुरवाडी, उसनवारी आणि साहेबाची भीती ही सगळीकडे सारखीच.

त्या वेळी आम्हांला वाटे, की ही गंमत प्रभावळकरांच्या डोक्यातून येते. फार पुढे वाचनालयात कळले, की चिमणराव आमच्या वडिलांच्याही आधी जन्मला होता. त्याचे जनक चिंतामण विनायक जोशी हे १८९२ साली पुण्यात जन्मले, बडोद्यास पाली भाषेचे प्राध्यापक झाले, आणि १९३० च्या आसपास त्यांनी चिमणरावाला मराठी वाचकांच्या घरात आणून बसवले. १९४२ साली 'सरकारी पाहुणे' या बोलपटात तो पडद्यावर आला. दामुअण्णा मालवणकरांनी त्याचे काम केले. १९६३ साली जोशी वारले. म्हणजे दूरदर्शनवरील मालिका ज्यांच्या पुस्तकांवर उभी राहिली ते लेखक ती पाहायला हयात नव्हते. पाली ग्रंथांत डोके घालून बसलेल्या एका प्राध्यापकाचा विनोद, त्याच्या मागे चौदा वर्षांनी, दौंडच्या इंजिन-कामगारांना हसवत होता. लिहिलेल्या शब्दाचे आयुष्य केवढे असते, याचा हा आम्हांला मिळालेला पहिला धडा.

दुसरा धडा त्याच नटाने दिला. प्रभावळकर नुसते नट राहिले नाहीत. ते लिहिते झाले. मुलांसाठी 'बोक्या सातबंडे', रंगभूमीसाठी 'हसवाफसवी', आणि वृत्तपत्रातील सदरातून 'अनुदिनी'. या 'अनुदिनी'वरून २००१ साली 'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही मालिका आली. दिग्दर्शक केदार शिंदे. आबा टिपऱ्यांच्या भूमिकेत स्वतः प्रभावळकर. एका मध्यमवर्गीय घरातल्या तीन पिढ्या, रोजच्या बारीकसारीक कुरबुरी, आणि शिवीगाळ किंवा थोबाडीत मारल्यावाचून येणारे हसू. ज्याने १९७७ साली दुसऱ्याने लिहिलेले घर पडद्यावर नांदवले, त्याने चोवीस वर्षांनी स्वतः लिहिलेले घर पडद्यावर आणले. दूरचित्रवाणीच्या विनोदी लेखकाची कारकीर्द म्हणून मराठीत एकच उदाहरण द्यावयाचे झाले तर आम्ही हे देऊ. मात्र ध्यानात घ्या, येथेही लेखक नट होता म्हणूनच त्याचा चेहरा आपल्याला माहीत आहे.

या दोन मालिकांच्या दरम्यान धंदा पुरता बदलला होता. १९८२ साली रंगीत प्रक्षेपण आले. १९८४ साली 'हम लोग' आणि 'ये जो है जिंदगी' यांनी पुरस्कृत मालिकांचे युग उघडले. 'ये जो है जिंदगी'चे लेखक शरद जोशी हे हिंदीतले नाणावलेले व्यंगकार होते. साबण-चहाच्या जाहिरातदाराने पैसा पुरवावयाचा, तेरा तेरा भागांची मंजुरी घ्यावयाची, आणि लेखकाने आठवड्याला एक भाग काढावयाचा. पुढे १९९२ नंतर खासगी वाहिन्या आल्या, १९९९ साली अल्फा मराठी आली, आणि आठवड्याचा भाग रोजचा झाला. ज्यांनी कारखान्यात उत्पादनाचे लक्ष्य पाहिले आहे त्यांना हे चटकन उमगेल. पुलंनी एक चाळ वर्षानुवर्षे चालवली. आजच्या लेखकाला दर आठवड्याला नवी चाळ बांधावी लागते आणि शनिवारी ती पाडून सोमवारी पुन्हा पाया खणावा लागतो.

२०१४ पासून 'चला हवा येऊ द्या' आणि २०१८ पासून 'महाराष्ट्राची हास्यजत्रा' या कार्यक्रमांनी खेडोपाडी मराठी प्रहसन पोचवले. समीर चौघुले, प्रसाद खांडेकर यांसारखी मंडळी त्यात लिहितातही आणि कामही करतात. नीट पाहिले तर ही बतावणीच आहे. दोन पात्रे, एक भोळा आणि एक इरसाल, शब्दाचा उलटा अर्थ लावणे, आणि शेवटी भोळ्याने इरसालाला चीत करणे. फडाचा तंबू गेला, छताखाली दिव्यांचा झगमगाट आला. पण मावशी आहे, सोंगाड्या आहे, आणि चोपडीही आहे. म्हणून चोपडीवाल्याचा प्रश्नही जसाच्या तसा आहे.

तो प्रश्न एके दिवशी आमच्या दारात येऊन उभा राहिला. त्या मुलाचे नाव सांगण्याचे कारण नाही. आपल्याच तालुक्यातला, कंत्राटी कामगार, रात्रपाळी करून दिवसा लिहिणारा. गणपतीत त्याची प्रहसने होत आणि लोक लांबून येत. मुंबईच्या कोणा निर्मात्याच्या हाताखालच्या माणसाने ती पाहिली आणि म्हणाला, "लिहून दे, बघतो." पोराने बारा पाने लिहून पाठवली. पुढे काही कळले नाही. आणि एका रात्री उपाहारगृहात पाळीची सगळी माणसे पडदा पाहत असता त्याचेच प्रहसन, त्याच्याच शब्दांत, समोर चाललेले त्याने पाहिले. माणसे पोट धरून हसत होती. हा एकटा ताट पुढे घेऊन बसला होता. नाव कोठेच नव्हते. शेजारच्याला सांगितले तर तो म्हणाला, "चल, काहीतरीच!"

तो आमच्याकडे आला आणि म्हणाला, "अण्णा, युनियन असल्या कामात पडते का?" आम्ही तीस वर्षे वेतनचिठ्ठ्या, भविष्यनिर्वाह निधी आणि बडतर्फीच्या नोटिसा वाचल्या, पण या प्रश्नाला आमच्याकडे उत्तर नव्हते. आम्ही विचारले, "तुझ्याकडे काही लेखी आहे?" तो म्हणाला, "वही होती, तीच फोटो काढायला दिली. ती परत आली नाही." त्या पोराला आम्ही काही मिळवून देऊ शकलो नाही. हे आमचे अपयश आहे आणि ते या व्यासपीठावरून कबूल करतो. पण त्यानंतर आम्ही कायदा वाचावयास बसलो, आणि जे सापडले ते येथे सांगितले तर कदाचित दुसरी वही वाचेल.

आपल्या देशात लेखकाच्या हक्काचा कायदा १९५७ सालचा आहे. त्यात असे आहे, की हक्क दुसऱ्याला द्यावयाचा तर तो लेखी आणि सहीनिशी द्यावा लागतो. तोंडी "लिहून दे, बघतो" म्हटल्याने हक्क जात नाही. किती काळासाठी दिला हे लिहिले नसेल तर तो पाच वर्षांपुरताच मानतात. हक्क विकला तरी हे लेखन माझे आहे, असे सांगण्याचा अधिकार लेखकाकडेच राहतो. २०१२ साली या कायद्यात मोठी दुरुस्ती झाली आणि ती २१ जूनपासून अमलात आली. चित्रपटगृहाबाहेर त्या कृतीचा जो वापर होईल त्याच्या मानधनातला आपला समान हिस्सा लेखकाला सोडून देता येत नाही, असे तिने ठरवले. कामगार कायद्यात किमान वेतन कामगाराला स्वतःहून सोडता येत नाही, त्याच धर्तीचे हे तत्त्व आहे. कारण गरजवंत माणूस सही काय कशावरही करतो. एक मात्र विसरू नका: नोकरीत राहून नोकरीचा भाग म्हणून जे लिहिले जाते त्याचा पहिला मालक, वेगळा करार नसेल तर, नोकरी देणारा असतो. म्हणून करार वाचल्याशिवाय सही नाही.

आणि दुसरी गोष्ट, जिने आम्हांला खरा आनंद झाला. मुंबईच्या चित्रपट-लेखकांनी आपली संस्था १९६० साली कामगार संघटना म्हणून नोंदवली. आज तिचे नाव स्क्रीनरायटर्स असोसिएशन आहे. लेखनाची तारखेनिशी नोंद तेथे करून ठेवता येते, म्हणजे वही हरवली तरी साक्ष उरते. ज्या कायद्याखाली आमची संघटना नोंदली गेली त्याच १९२६ च्या कायद्याखाली लेखकांचीही नोंदली गेली होती! त्याच १९६० साली अमेरिकेतले लेखक सुमारे पाच महिने संपावर होते, आणि पुनःप्रक्षेपणाच्या मोबदल्याचा प्रश्न त्यांनी धसास लावला. २०२३ साली ते पुन्हा १४८ दिवस संपावर गेले. या वेळी एक मागणी अशी होती, की यंत्राने जुळवलेल्या मजकुराला लेखकाचा दर्जा देऊ नये आणि त्यापायी माणसाची मजुरी कापू नये. ती त्यांनी बऱ्याच अंशी मिळवली. हातात पेन धरणारे आणि हातात पाना धरणारे यांचे दुखणे एकच आहे, हे त्या लोकांना आपल्याआधी कळले.

यावर एक आक्षेप येतो, आणि तो आम्हांला सभेनंतर ऐकवला जाण्याआधी आम्हीच मांडतो. विनोद ही देणगी आहे, तिचा बाजार कशाला? हसवणाऱ्याने पैशाकडे पाहिले तर हसू आटेल. या आक्षेपाला पुलंचे आयुष्य हेच उत्तर आहे. प्रयोगाची परवानगी आणि हिशेब या बाबतीत ते घर काटेकोर होते. आणि त्याच मिळकतीतून १९६५ साली पु. ल. देशपांडे फाउंडेशन उभे राहिले, कितीतरी संस्थांना देणग्या गेल्या. पुण्याचे मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र १९८६ साली सुरू झाले त्यामागे पुलंनी दिलेले एक लाख रुपये होते. दान करण्यासाठी आधी वस्तू आपली असावी लागते. ज्याची वहीच कोणी उचलून नेली तो दान करीत नाही; तो लुबाडला जातो. या दोहोंतला फरक ज्या समाजाला कळत नाही, त्या समाजातले गुणी लोक एक तर गप्प बसतात, नाही तर गाव सोडतात.

आमचे मागणे फार मोठे नाही. आपल्या दोन्ही तालुक्यांत दर वर्षी शेकडो जत्रा, गणेशोत्सव आणि स्नेहसंमेलने होतात. त्यांच्या पत्रिकेवर देणगीदारांची नावे ठळक असतात, ती असोत. त्याच पत्रिकेवर वग किंवा प्रहसन लिहिणाऱ्याचे नाव छापा. त्याला नारळाबरोबर एक पाकीट द्या आणि पाकिटावर कामाचे नाव लिहून त्याची सही घ्या, म्हणजे तो हिशेब होईल, उपकार होणार नाही. आणि जी पोरे-पोरी लिहितात त्यांना सांगणे एवढेच, की वहीची एक प्रत घरी ठेवा, तारीख घाला, आणि लेखी घेतल्यावाचून पान हातचे सोडू नका.

तो मुलगा अजून लिहितो. गेल्या गणपतीत त्याचे नवे प्रहसन झाले. आरंभी सूत्रधाराने त्याचे नाव उच्चारले तेव्हा तो पडद्यामागे दिव्याची तार धरून उभा होता. लोकांनी नावाला टाळी दिली नाही, कारण आपल्याला तशी सवय नाही. पण पहिल्या हशानंतर आमच्या शेजारी बसलेल्या एका म्हाताऱ्या बाईने मान वळवून विचारले, "कोण म्हणाले हो, कोणी लिहिलंय?"

आम्ही नाव सांगितले. आपणही सांगत जा.